फळ्यावरचे दिनविशेष: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमच्या वाचनालयाच्या दाराशी एक काळा फळा आहे. सकाळी कुलूप काढले की आधी तो ओल्या फडक्याने पुसायचा, त्यावर त्या दिवसाचे दिनविशेष लिहायचे आणि मग वर्तमानपत्रे टेबलावर मांडायची, हा शिरस्ता मी इथे रुजू होण्याच्याही आधीपासूनचा. पूर्वी फळ्याचे वाचक म्हणजे चप्पल काढता काढता मान वर करणारे सभासद. हल्ली फळ्याचा फोटो सभासदांच्या व्हॉट्सअॅप गटावर जातो आणि तिथून कुठे कुठे पोचतो. त्यामुळे "हे का घेतलं?" आणि "ते का नाही घेतलं?" ही विचारणा रोजची झाली आहे. नेहमीचे प्रश्न आणि त्यांची उत्तरे इथे लिहून ठेवते.

पाचच ओळी का?

इंटरनेटवर कोणत्याही तारखेला तीस-चाळीस नोंदी सापडतात. एके काळी आम्हीही बारा-चौदा ओळी बारीक अक्षरात कोंबत होतो. एकदा माझ्याकडून आदल्या दिवशीचा फळा तसाच राहिला आणि संध्याकाळपर्यंत कोणाच्याही लक्षात आले नाही. त्या दिवशी कळले की कोणी वाचतच नाही. आता वरच्या ओळीत वार, तिथी आणि सण. त्याखाली एकदोन घटना, एखादा जन्म, एखादा स्मृतिदिन. कधी चारच ओळी होतात. उगाच भरती करत नाही.

एकाच दिवशी तीन-चार मोठ्या गोष्टी आल्या तर निवड कशी करता?

२६ जुलैचेच घ्या. १९०२ साली या तारखेला शाहू महाराजांनी करवीर संस्थानात हुकूम काढला, की यापुढे रिकाम्या होणाऱ्या नोकऱ्यांपैकी ५० टक्के जागा मागासलेल्या वर्गांतल्या लोकांना द्याव्यात. १९९९ पासून हा कारगिल विजय दिवस. आणि २००५ साली याच दिवशी मुंबईत ढग कोसळले. सांताक्रूझच्या वेधशाळेत २४ तासांत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली.

तिन्ही घ्यायचे हे उघड आहे. प्रश्न क्रमाचा आणि शब्दांचा असतो. कारगिल सगळीकडे असतेच, टीव्ही दिवसभर तेच दाखवतो. २००५ च्या पावसाची आठवण लोक स्वतःच काढतात. त्या रात्री रुळावरून चालत कोण कुठे पोचले याचा किस्सा प्रत्येक घरात आहे, फळ्याने फक्त आकडा आठवून द्यायचा. शाहू महाराजांचा हुकूम मात्र ठाऊक असलेली माणसे कमी, आणि त्याचा परिणाम आज फळ्यासमोर उभ्या असलेल्या बहुतेकांच्या घरापर्यंत आलेला. म्हणून आमच्याकडे घटनांत तो पहिला येतो. हा माझा कौल आहे. दुसऱ्या कोणी फळा लिहिला तर क्रम वेगळा लागेल आणि तो चूक असेल असे नाही.

याच तारखेत एक जुना खड्डाही आहे. काही जुन्या पुस्तकांत शाहू महाराजांचा जन्मच २६ जुलैचा दिलेला आढळतो. आता २६ जून १८७४ ही तारीख मान्य आहे आणि राज्य सरकार तो दिवस सामाजिक न्याय दिन म्हणून पाळते. जुने पुस्तक हाती आहे म्हणून ते खरेच, असे वाचनालयात बसूनही मी म्हणणार नाही.

१ ऑगस्टला टिळक आधी की अण्णा भाऊ साठे आधी?

हा प्रश्न दर जुलैअखेरीस येतो. लोकमान्य टिळक मुंबईच्या सरदारगृहात मध्यरात्र उलटल्यावर गेले, आणि त्याच तारखेला वाटेगावात अण्णा भाऊ जन्मले. नुसती तारीख एक असे नाही, सालही एकच: १९२०. एकाच दिवशी काय संपले आणि काय सुरू झाले, हे दोन वेगळ्या ओळींत लिहिले की त्यातली गंमतच जाते. म्हणून आम्ही '१ ऑगस्ट १९२०' हे मोठ्या अक्षरात लिहून खाली दोन्ही नावे शेजारीशेजारी लिहितो. डावीकडे कोण हे दरवर्षी आलटून पालटून. तरी त्या त्या वर्षीचे नाराज सभासद येऊन भेटतात. मी त्यांना चहा देते.

शिवजयंती तारखेने लिहिता की तिथीने?

दोन्ही वेळा लिहितो. १९ फेब्रुवारीला सरकारी शिवजयंती, आणि फाल्गुन वद्य तृतीयेला, म्हणजे साधारण मार्चमध्ये, तिथीची. 'दोन दोन जयंत्या कशाला' असे विचारणाऱ्यांना उत्तर थोडे सविस्तर द्यावे लागते.

आधी जन्मवर्षाचाच वाद होता. एक परंपरा वैशाख शुद्ध द्वितीया शके १५४९ (१६२७) सांगत होती; दुसरी, जेधे शकावलीच्या (जेधे घराण्याकडच्या, घटनांच्या मित्या नोंदवलेल्या जुन्या यादीच्या) आधाराने, फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१ (१६३०). जेधे शकावली लोकमान्यांनी उजेडात आणली आणि पुढे अभ्यासकांचे पारडे हळूहळू १६३० कडे झुकले. राज्य सरकारनेही तीच मिती स्वीकारली.

पण मूळ नोंद मितीची आहे, इंग्रजी तारखेची नाही. तिचे रूपांतर १९ फेब्रुवारी १६३० असे होते ते जुन्या ज्युलियन कॅलेंडरने. आज आपण वापरतो ते ग्रेगोरियन कॅलेंडर लावले तर तोच दिवस १ मार्च १६३० येतो. युरोपातल्या कॅथलिक देशांनी १५८२ मध्ये नवे कॅलेंडर घेतले: ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर. इंग्लंडने मात्र १७५२ पर्यंत हट्ट धरला आणि मग २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर उजाडला. त्यामुळे शिवकाळातल्या एकाच घटनेला सुरतेच्या इंग्रजी वखारीच्या कागदात एक तारीख आणि गोव्याच्या पोर्तुगीज कागदात दहा दिवस पुढची तारीख दिसते. दोघेही खरेच लिहीत होते.

राज्याभिषेकाचे तेच: ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी शके १५९६, म्हणजे ज्युलियन ६ जून १६७४. अफजलखानाचा प्रसंगही १० नोव्हेंबर १६५९ ही ज्युलियन तारीख आणि मार्गशीर्ष शुद्ध सप्तमी अशा दोन्ही अंगांनी येतो. रायगडावर तारखेलाही सोहळा होतो आणि तिथीलाही. गडावर चालते ते फळ्यावर चालायला हरकत नसावी.

तिथीचा सोहळा कधी कधी इतका लांब का जातो?

अधिक महिन्यामुळे. २०१८ साली अधिक ज्येष्ठ होता. ६ जूनला तारखेने राज्याभिषेक दिन झाला तेव्हा अधिक महिना चालू होता, आणि तिथीचा सोहळा निज, म्हणजे त्यानंतरच्या नेहमीच्या ज्येष्ठात, जूनच्या शेवटच्या आठवड्यात आला. सण, जयंत्या निज महिन्यात धरतात. अधिक महिना आला की मी वर्षाच्या सुरुवातीलाच पंचांगात कागदाचा कपटा घालून ठेवते.

पानिपत आणि संक्रांत एकाच दिवशी आले, हे का लिहीत नाही?

कारण ते आले नाहीत. पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ ला, पौष शुद्ध अष्टमीला, बुधवारी झाली. आज संक्रांत १४ किंवा १५ जानेवारीला येते म्हणून दोन्हींची सांगड घातली जाते; 'संक्रांत कोसळणे' हा वाक्प्रचार तयारच असतो. पण सूर्याचे मकर राशीत जाणे इंग्रजी तारखेला बांधलेले नाही. ते साधारण सत्तर-बहात्तर वर्षांनी एक दिवस पुढे सरकते. घरबसल्या पडताळा हवा असेल तर स्वामी विवेकानंदांचा जन्म पाहा: १२ जानेवारी १८६३, आणि त्या दिवशी मकरसंक्रांत होती असे सगळे चरित्रकार सांगतात. १८६३ मध्ये संक्रांत १२ ला, तर त्याच्याही शंभर वर्षे आधी ती १४ ला कशी असेल? पानिपतावर लढाई झाली तोवर तिळगूळ वाटून तीन-चार दिवस झाले होते. पोटात अन्न नसलेल्या त्या छावणीत तिळगूळ कुठला, तो भाग वेगळा.

संतांच्या जयंती-पुण्यतिथीची इंग्रजी तारीख का देत नाही?

तुकाराम बीज म्हणजे फाल्गुन वद्य द्वितीया. ज्ञानेश्वरांचा संजीवन समाधी सोहळा कार्तिक वद्य त्रयोदशीला आळंदीत होतो, एकनाथ षष्ठी फाल्गुनातली, दासनवमी माघातली. नावातच तिथी असलेला दिवस तारखेला बांधणे म्हणजे एकादशीला 'दर महिन्याच्या ११ तारखेचा उपास' म्हणण्यासारखे आहे. गाडगेबाबांचे वेगळे, त्यांचा स्मृतिदिन २० डिसेंबर (१९५६) असाच सर्वत्र पाळतात, म्हणून तो तारखेने. तुकडोजी महाराजांची जयंतीही ३० एप्रिललाच.

इथे हिंदी संकेतस्थळांवरून उतरवून घेणाऱ्यांनी सांभाळावे. आपला महिना अमावास्येला संपतो, उत्तरेत पौर्णिमेला. त्यामुळे शुद्ध पक्षात अडचण येत नाही, पण वद्य पक्षात महिन्याचे नाव बदलते. आपली महाशिवरात्र माघातली, त्यांची फाल्गुनातली, रात्र तीच. तेव्हा हिंदीत 'चैत्र कृष्ण तृतीया' दिसले तर आपल्याकडे ती फाल्गुन वद्य तृतीया असते. एका वर्षी नुसत्या या घोळापायी माझी एक पुण्यतिथी महिनाभर पुढे गेली होती.

कोणत्या धर्माचे सण घेता?

सभासदांच्या घरी जे होतात ते सगळे. दिवाळी, ईद, नाताळ, बुद्ध पौर्णिमा, महावीर जयंती, पतेती. गोव्याचे काही सभासद आहेत, त्यांच्यासाठी ३ डिसेंबरचे सेंट झेवियरचे फेस्तही. सुट्टी आहे की नाही हे मात्र सरकारी यादी पाहूनच लिहायचे, कारण सण आणि सुट्टी वेगळ्या पडू शकतात. २०२३ मध्ये अनंत चतुर्दशी आणि ईद-ए-मिलाद दोन्ही २८ सप्टेंबरला आले, तेव्हा राज्य सरकारने ईदची सुट्टी २९ ला नेली. चंद्रदर्शनावर अवलंबून असलेला सण आम्ही आदल्या संध्याकाळी खात्री झाल्याशिवाय लिहीत नाही. फळ्याला खडू लागतो, छापखाना नाही. सकाळी बदलता येते.

शब्दांची काळजी जास्त घ्यावी लागते. 'शुभेच्छा' हा शब्द बोटांना इतका सवयीचा झालाय की तो मोहरमला, गुड फ्रायडेला, एवढेच काय ६ डिसेंबरलाही टाइप केला जातो. महापरिनिर्वाण दिनाला अभिवादन करतात. हुतात्म्याचा बलिदान दिन, सामान्यपणे पुण्यतिथी किंवा स्मृतिदिन, संस्थेचा वर्धापनदिन. आणि हयात माणसाचा वाढदिवस असतो, जयंती नाही. हा शेवटचा घोळ गटावर दोनदा झालेला आहे आणि दोन्ही वेळा संबंधित गृहस्थ गटावरच होते.

दुःखाच्या घटना कशाला? सकाळी सकाळी वाचायला नको वाटते.

२६ नोव्हेंबरला १९४९ साली संविधान सभेने संविधान स्वीकारले. २००८ साली त्याच तारखेला मुंबईवर हल्ला झाला. आनंदाचा दिवस म्हणून दुसरे गाळायचे, की दुःख मोठे म्हणून पहिले? दोन्ही लिहितो, मध्ये एक रिकामी ओळ सोडतो.

किल्लारीचा भूकंप ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे झाला. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती, गावोगावचे गणपती विसर्जन करून लोक नुकते झोपले होते. लातूर-धाराशिवकडच्या माणसांना विचाराल तर ते तारखेआधी 'विसर्जनाची रात्र' सांगतात. म्हणून अनंत चतुर्दशीच्या फळ्यावर किल्लारी यावे का, असे एकदा एका सभासद बाईंनी विचारले. त्यांचे माहेर तिकडचे. सणाच्या फळ्यावर मी ते लिहीत नाही, ३० सप्टेंबरलाच लिहिते. त्यांना ते पटलेले नाही. मलाही पूर्ण पटले आहे असे नाही.

कधी एकच दिवस एका गावात दोन तऱ्हांनी पाळला जातो. १ नोव्हेंबर (१९५६) कर्नाटकात राज्योत्सव, आणि बेळगावात मराठी माणसांचा काळा दिवस. आम्ही 'भाषावार राज्यपुनर्रचना अमलात. बेळगावसह सीमाभागात काळा दिवस पाळतात' असे लिहितो. काय घडले आणि कोण काय पाळते, एवढेच.

'जागतिक अमुक दिन' इतके कमी का?

कारण रोज तीन असतात आणि त्यांतले निम्मे कोणत्या तरी कंपनीच्या जाहिरात विभागात जन्मलेले. संयुक्त राष्ट्रांनी किंवा त्यांच्या संस्थांनी ठरवलेले काही घेतो: ८ मार्च, ५ जून, २१ जून. २३ एप्रिलचा जागतिक ग्रंथ दिन वाचनालयात टाळता येतच नाही. त्याची एक मौज मुलांना सांगते: शेक्सपिअर आणि सर्व्हांतेस दोघांचीही मृत्युतारीख २३ एप्रिल १६१६ अशी सांगतात, पण इंग्लंड जुन्या कॅलेंडरवर होते आणि स्पेन नव्या, त्यामुळे तारीख एक असूनही दिवस दहा दिवसांनी वेगळे. शिवजयंतीचे कोडे ज्या मुलांना समजले त्यांना हे लगेच कळते.

२७ फेब्रुवारी राजभाषा दिन ना?

नाही. २७ फेब्रुवारी हा कुसुमाग्रजांचा जन्मदिवस (१९१२), मराठी भाषा गौरव दिन. मराठी राजभाषा दिन १ मे. मीच एकदा उलटे लिहिले होते; एका निवृत्त गुरुजींनी खिशातून खडू काढून फळ्यावरच दुरुस्त केले. निवृत्तीनंतरही खिशात खडू ठेवतात याचेच मला जास्त वाटले.

गटावर आलेले दिनविशेष सरळ का घेत नाही?

दर १४ फेब्रुवारीला एक मजकूर फिरतो, की याच दिवशी भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांना फाशी झाली आणि तुम्ही गुलाब कसले देता. फाशी २३ मार्च १९३१ ला लाहोरला झाली. शिक्षा सुनावली गेली ७ ऑक्टोबर १९३० ला. राजगुरू पुणे जिल्ह्यातल्या खेडचे, त्यांच्या नावावरून आज ते राजगुरुनगर. निदान आपल्याकडे तरी ही तारीख चुकू नये.

आमचा नियम साधा आहे: दोन वेगळ्या छापील आधारांत तारीख जुळली तर घ्यायची. वेगळ्या म्हणजे एकाने दुसऱ्यावरून उतरवलेली नको, आणि हे ओळखणेच सगळ्यात कठीण, कारण दिनविशेषांची पुस्तके एकमेकांच्या चुकाही इमानाने उतरवतात. जुळली नाही तर नुसते साल लिहायचे किंवा सोडून द्यायचे. शासनाचा सामान्य प्रशासन विभाग जयंत्यांचे परिपत्रक दरवर्षी काढतो, त्याचा आधार होतो. शाळा-कचेऱ्यांत तसबिरीला हार घालतात तो त्यावरूनच.

३५० वे वर्ष की ३५० वर्षे पूर्ण?

राज्याभिषेकाचे ३५० वे वर्ष २०२३ च्या ज्येष्ठात सुरू झाले, ३५० वर्षे पूर्ण झाली २०२४ मध्ये. दोन्ही वेळा सोहळे झाले, दोन्ही वेळा लोकांनी मला चूक ठरवले. स्वातंत्र्याचेही असेच: १५ ऑगस्ट २०२२ ला ७५ वर्षे पूर्ण झाली आणि तो ७६ वा स्वातंत्र्यदिन होता. बोटे मोजून लिहा.

पुढाऱ्यांचे वाढदिवस?

चौकात फ्लेक्स आहेत.

परदेशी राहणाऱ्यांनी फळा बघून उपास धरावा का?

धरू नये. तिथी स्थानिक सूर्योदयावर, काही सणांत मध्यान्हावर ठरते. अमेरिकेत गणेश चतुर्थी कधी कधी आपल्या आदल्या तारखेलाच येते. तिथल्या मंडळाचे पंचांग बघावे. मॉरिशसच्या मराठी मंडळींना हा त्रास कमी, तिथे गणेश चतुर्थीला सरकारी सुट्टीच असते.

२९ फेब्रुवारीला काय लिहिता?

मोरारजी देसाई, १८९६. चार वर्षांतून एकदा तीच ओळ येते आणि चार वर्षांतून एकदा तोच विनोद होतो.

फळ्यावर माझ्या आजोबांचा वाढदिवस लिहाल का?

नाही लिहीत. पण त्यांची जन्मतारीख १ जून असेल तर त्या दिवशी त्यांना घेऊन या. १९३० साली त्या तारखेला दख्खनची राणी मुंबई-पुणे धावू लागली, १९४८ साली पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली एसटी सुटली. आणि शाळेत नाव घालताना जन्मतारीख ठाऊक नव्हती म्हणून गुरुजींनी ज्यांच्या नावापुढे १ जून लिहून टाकला, अशी माणसे आमच्या वाचनालयातच अकरा आहेत. त्या दिवशी पाचवी ओळ त्यांची असते: 'शाळेने दिलेल्या वाढदिवसाच्या सर्वांना शुभेच्छा'. पेढे तेच आणतात.